चार घरांतला अख्खा

५ नोव्हेंबर, मंगळवार

खुर्चीसकटच उचलू या, असं चित्रीकरणाच्या गाडीच्या ड्रायव्हरने परस्पर ठरवलं आणि मी हो म्हणायच्या आत बाबा दुसऱ्या पायरीवर होते. मी मागून पाठ सांभाळली. चौथ्या पायरीवर त्याने दम खाल्ला आणि बाबांना विचारलं, काका, वर गेल्यावर चहा कोण पाजणार, तुम्ही की ताई? बाबा म्हणाले, बरं. त्यांच्याकडे तेवढा एकच शब्द उरला आहे. पण तो ते इतक्या तऱ्हांनी म्हणतात की वर पोचेपर्यंत ड्रायव्हर त्यांच्याशी गप्पा मारत होता.

संकलनासाठी दिलेली जागा छान आहे. बाहेरच्या खोलीत माझं टेबल, दोन मॉनिटर, स्पीकर. आतल्या खोलीत बाबांची कॉट. मधलं दार उघडं ठेवलं की टेबलावरून त्यांचा चेहरा दिसतो. काम आणि बाबा एकाच घरात, हे दोन वर्षांत पहिल्यांदा जमलं.

दादाचा फोन आला. जिना किती पायऱ्यांचा, बाथरूममध्ये धरायला काही आहे का. मग मुद्दा: बाबांसाठी संस्थेतली खोली एक डिसेंबरपासून आपली, त्यात आता बदल नाही. मी म्हटलं, बदल कोण मागतंय. तो म्हणाला, तू मागशील. तुला ओळखतो मी.

डॉक्टरही म्हणाले होते, आता आशा नको. पक्षाघाताच्या झटक्यानंतर जे परत यायचं ते पहिल्या सहा महिन्यांत येतं. बाबांचं काहीच आलं नाही. उजवा पाय लुळा, उजव्या हाताची मूठ वळलेली, दोन्ही डोळ्यांची उजवी बाजू कोरी, वाचा गेलेली. तीस वर्षं त्यांनी शाळेत भूमिती शिकवली.

६ नोव्हेंबर, बुधवार

दिग्दर्शिका आली. बोलताना बोटात किल्ल्या फिरवते. बाबांना वाकून नमस्कार केला, मला पहिल्या मिनिटापासून ताई.

तिचा माहितीपट इथल्या एका दंतकथेवर आहे. अख्खा नावाचं काहीतरी इथे एकदा उभं राहिलं होतं. मारता आलं नाही, म्हणून लोकांनी त्याचे चार भाग केले आणि चार घरांत वाटले. भाग म्हणजे हाडंबिडं नाहीत. प्रत्येक घराकडे एकेक सांगणं आहे. एका घरात पायांचं, एकात हातांचं, एकात डोळ्यांचं, एकात तोंडाचं. आपलं सांगणं दुसऱ्या तीन घरांना ऐकवायचं नाही. एका कानाने दोन सांगणी ऐकायची नाहीत. या चार घरांत आपापसात सोयरीकही होत नाही.

तिने यावर तोड काढली. पायांचं सांगणं ऐकायला छायाचित्रकाराला पाठवलं, हातांचं ऐकायला ड्रायव्हरला, डोळ्यांचं ऐकायला व्यवस्थापकाला. तोंडाच्या घरी ती स्वतः गेली. एका कानाने दोन ऐकलेलं नाही, म्हणजे कुणाचा नियम मोडला नाही. ते सांगताना किल्ल्या थांबल्या होत्या. ताई, अख्खी गोष्ट ऐकणाऱ्या तुम्ही पहिल्या, असं तिने बक्षीस जाहीर करावं तसं सांगितलं.

अडचण चौथ्या घराची. तिथे एक निवृत्त नर्स राहते. सगळं गाव तिला सिस्टर म्हणतं. तिने बसवलं, पाणी दिलं, बेचाळीस मिनिटं बोलली आणि सांगणं मात्र सांगितलं नाही.

८ नोव्हेंबर, शुक्रवार

पायांचं सांगणं लावलं. सांगणारा इथल्या दवाखान्यातला कंपाउंडर, साठीचा. सुरुवातीलाच छायाचित्रकाराला बजावतो, उलटे-बिलटे पाय नाहीत हां, तुमच्या-माझ्यासारखे साधे. मग पाच मिनिटं बोलतो. काय बोलतो ते इथे उतरवत नाही. चित्रपटात आहेच.

मी हेडफोन लावून काम करते. पण बाबा आतून मान लांब करून बघत होते, म्हणून हेडफोन काढून स्पीकर लावले. कंपाउंडर बोलत असताना बाबांनी तीनदा बरं म्हटलं. विद्यार्थ्याचं उत्तर बरोबर येत चाललं की ते असंच म्हणायचे.

आता रोज स्पीकरच.

११ नोव्हेंबर, सोमवार

हातांचं सांगणं वखारवाल्याचं. पाठीमागे करवतीचा आवाज आहे, तो साफ करण्यात दिवस गेला. संध्याकाळी पायांच्या पुढे हात जोडले आणि दोन्ही सलग वाजवले. जोड इतका बेमालूम बसला की मीच खूश झाले. एका सुरातली दोन माणसं. सांगण्याचा साचाही तोच: ते कुठे सापडलं, केवढं होतं, शेवटी काय करत होतं, कुणी नेलं.

बाबांना परत ऐकायचं होतं. परत लावलं.

१२ नोव्हेंबर, मंगळवार

सकाळी अंग पुसताना त्यांच्या उजव्या पायाचा अंगठा हलला. मला भास झाला असं धरून मी पुसत राहिले. तो परत हलला. मी म्हटलं, बाबा, करा बघू. त्यांनी केलं.

दुपारी मूठ सुटली. तळहातावर नखांच्या चार खुणा आहेत, दोन वर्षांच्या. मी त्यावर मलम लावत बसले.

१४ नोव्हेंबर, गुरुवार

भिंत धरून गॅलरीपर्यंत. एकोणीस पावलं.

दादाला व्हिडिओ कॉल केला. आधी चिडला, पडले तर कोण जबाबदार. मग बाबांनी त्याला उजव्या हाताने टाटा केला. दादा बराच वेळ पडद्यावर दिसेना. फोन कुठेतरी ठेवून गेला होता. परत आला तेव्हा तोंड धुतलेलं होतं. म्हणाला, बघू या संस्थेचं.

डॉक्टर फोनवर म्हणाले, क्वचित होतं असं.

मी जोडणीचा आणि पायाचा संबंध लावलेला नाही. इथे लिहून ठेवते की लावलेला नाही.

१८ नोव्हेंबर, सोमवार

लावला.

शनिवारी डोळ्यांचं सांगणं जोडलं. एक शिंपीण सांगते, सुईत दोरा ओवता ओवता. तिन्ही सलग वाजवली. रविवारी सकाळी बाबांनी ताटातलं उजवीकडचं अन्न खाल्लं. दोन वर्षं मी ताट फिरवून देत होते. जेवण झाल्यावर माझ्या औषधाच्या बाटलीवरची बारीक अक्षरं वाचत बसले. मग मला तारखेवर बोट ठेवून दाखवलं: मुदत संपलेली. आणि हसले. बरं, म्हणाले, टोमणा मारल्यासारखं.

आता फक्त वाचा.

१९ नोव्हेंबर, मंगळवार

सिस्टरचं सगळं ध्वनिमुद्रण ऐकलं. या, बसा. पाणी घ्या. नाही, ते सांगणार नाही. मग आपल्या नोकरीबद्दल बोलते. पडून असलेल्या रुग्णाला भरवायचं कसं, तर आधी सांगायचं, तोंड उघडा, मोठं, अजून मोठं. आवाज कोरडा आणि स्वच्छ. दिग्दर्शिका वेगवेगळ्या वाटांनी विचारते आणि दर वेळी नाही. मी मोजले, त्रेचाळीस नाही.

दुपारी दिग्दर्शिकेला फोन केला, परत जा तिच्याकडे. ती म्हणाली, ताई, दार लावून घेतलंन तिने. तोंडाचा भाग नसला तरी चालेल, चित्रपट तिच्या नकारावर संपवू. उलट छान वाटेल.

चालणार नाही. हे तिला सांगता येत नाही.

२० नोव्हेंबर, बुधवार

आमच्या धंद्यात याला लबाडी म्हणत नाहीत. माणूस अडखळतो, वाक्य अर्धं सोडतो. आपण एक शब्द इथून घेतो, एक तिथून, आणि वाक्य पुरं करून देतो. जोड कळू नये म्हणून मध्ये त्याचाच एक श्वास घालतो. हे मी शंभरदा केलं आहे. कुणी तक्रार केली नाही. उलट बोलणारे म्हणतात, किती छान बोललो हो मी.

बेचाळीस मिनिटांत शब्द पुष्कळ आहेत. साचा मला माहीत आहे. ते कुठे सापडलं, केवढं होतं, शेवटी काय करत होतं, कुणी नेलं.

आत बाबा आरशासमोर बसून ओठ हलवून बघतात. मी बघत नाही असं त्यांना वाटतं.

२२ नोव्हेंबर, शुक्रवार

तीन दिवसांत चार वाक्यं झाली. सिस्टर स्वतः ऐकेल तर तिलाही वाटेल आपण सांगितलं. सात श्वास घालावे लागले.

बाबांना शेजारी खुर्चीवर बसवलं. चारही सांगणी सलग वाजवली. पाय, हात, डोळे, तोंड. एकोणीस मिनिटं.

वाजून संपल्यावर बाबा काही म्हणाले नाहीत. बरं सुद्धा नाही. मी बत्ती लावायला उठले.

२३ नोव्हेंबर, शनिवार

बाबा बोलले.

मी चहा घेऊन आत गेले तर ते कॉटवर ताठ बसले होते. म्हणाले, या, बसा. मी रडत रडत हसले. लेकीला कुणी या म्हणतं का. आवाज त्यांचाच आहे, वर्गातला. म्हणाले, पाणी घ्या.

दादाला लगेच फोन लावला. बाबा फोनवर म्हणाले, नाही, नाही, काळजी करायची नाही. दादाने संस्थेची खोली सोडली. मला म्हणाला, तुझे पाय धरायला हवेत. आयुष्यात पहिल्यांदा.

आजचा दिवस नीट लिहून ठेवायला हवा.

२४ नोव्हेंबर, रविवार

त्यांना माझं नाव म्हणायला सांगितलं. माझ्याकडे बघत राहिले. आईचं नाव विचारलं. दादाचं. स्वतःचं.

मग विचारलं, मी कोण?

म्हणाले, रुग्ण.

२५ नोव्हेंबर, सोमवार

सिस्टरचं बोलणं मी कागदावर उतरवलेलं होतं. काल दिवसभर आणि आज ते जे जे बोलले ते त्याशी ताडून पाहिलं. एकही शब्द बाहेरचा नाही. तिने जो उच्चारला नाही तो त्यांच्याकडे नाही. माझं नाव तिने उच्चारलेलं नाही.

आणि बोलताना ते भलत्याच ठिकाणी श्वास घेतात. वाक्याच्या मध्ये, जिथे गरज नाही तिथे. ते श्वास मी ओळखते. मीच घातलेत.

बरं म्हणा, मी म्हटलं. एकदा बरं म्हणा, बाबा. हात जोडले.

सिस्टरच्या बोलण्यात बरं नाही.

२६ नोव्हेंबर, मंगळवार

बसत नाहीत. सकाळपासून माझ्या खुर्चीमागे उभे. दुपारी जेवायला बोलावलं, आले नाहीत. संध्याकाळीही तिथेच. पापणी लवत नाही. मी दहा मिनिटं घड्याळ लावून पाहिलं.

पाय थकत नाहीत का, विचारलं.

म्हणाले, पाय नवीन आहेत.

पाय आणि नवीन, हे दोन शब्द सिस्टरच्या बोलण्यात एकमेकांपासून पंधरा मिनिटांवर आहेत. ते आता जोडतात. माझ्यासारखंच.

२७ नोव्हेंबर, बुधवार

कालपासून ते जेवले नाहीत, म्हणून सकाळी मी भरवायला बसले. त्यांनी वाटी बाजूला ठेवली. माझी हनुवटी धरली, उजव्या हाताने. म्हणाले, तोंड उघडा. मी हसण्यावारी नेलं. मोठं, म्हणाले. अजून मोठं. हात सुटेना. जबडा कट्‌ करून वाजला. ते आत बघत होते. खोल, काहीतरी ठेवायला जागा बघावी तसं.

गॅलरीखालून ड्रायव्हरने हाक मारली, काका, येऊ का चहाला? तेव्हा हात सुटला.

मी तशीच चपला न घालता जिना उतरले.

सिस्टरने दार उघडलं. माझ्या हनुवटीवरचे वळ पाहिले आणि काही न विचारता आत घेतलं. मी सगळं सांगितलं. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, माझा नवरा अकरा वर्षं मुका पडून होता, बाई. याच खोलीत. बाकीची तिन्ही घरं हाकेच्या अंतरावर. तुम्हाला काय वाटलं, मला सुचलं नसेल? कंपाउंडरची मुलगी जन्मापासून चालत नाही. शिंपिणीला स्वतःला आता दिसेनासं झालंय, सवयीने ओवते ती. आम्ही कुणी मूर्ख नाही.

मी विचारलं, आता काय करू.

म्हणाली, जोडलंत तसं सोडवा. मागून पुढे. जे ते आपापल्या घरी जाईल. पण अंगातून उतरताना अख्खा रिकाम्या हाताने उतरत नाही. आणि तोंडाचं माझ्या हातात नाही. माझं माझ्याकडेच आहे. तुम्ही केलंत ते कुणाचं?

तुमच्याच आवाजातलं, मी म्हटलं.

आवाज माझा, म्हणाली. सांगणं तुमचं. त्याला दुसरं घर नाही.

निघताना तिने मला तिच्या चपला घातल्या.

२८ नोव्हेंबर, गुरुवार

ते खुर्चीमागे उभे आहेत. मी टेबलाशी. हे मांडीवर लिहिते आहे, ते वाचतात की नाही माहीत नाही.

तोंड आधी. चारही वाक्यं काढून टाकली, तुकडे पुसले. मागून आवाज आला, पाणी घ्या.

गेलं नाही.

डोळे काढले. तुकडा वेगळ्या डिस्कवर टाकला. मागे वळून पाहिलं. बुबुळं दुधासारखी. डावी बाजूही. दोन वर्षं शाबूत असलेली डावी बाजू.

थांबू का. थांबले तर पाय आणि हात राहतील. चालतील. पण कुणाचे—

हात काढले. माझ्या खांद्यावर ठेवला होता तो हात घसरला. दोन्ही.

बाबा, माफ करा. पाय काढते आहे. कॉट जवळ ओढली आहे, पडलात तर तिच्यावर पडा. एकोणीस पावलं मोजली होती मी. दादाला काय सांगू, त्याने खोली सोडली, त्याने माझे पाय—

काढले. आवाज केवढा झाला. मी त्यांना एकटीने कसं—

मान हलत नाही. हातपाय ओल्या कापडासारखे. आणि तोंड चालू आहे. नाही, नाही, नाही. त्रेचाळीस वेळा आणि परत पहिल्यापासून. मी कानात बोळे घातलेत तरी ओठ दिसतात. मी उशी घेऊन उभी राहिले होते. इथे लिहिते, कारण कुणालातरी सांगायला हवं. उशी घेऊन दोन मिनिटं उभी होते आणि मग ती त्यांच्या डोक्याखाली—

२९ नोव्हेंबर, शुक्रवार

सकाळी नऊला दिग्दर्शिका आली. ड्रायव्हरकडून कळलं, म्हणाली, काका बोलायला लागले, आणि ताई, तुम्ही मला सांगितलंसुद्धा नाही. बाबा आतून म्हणाले, या, बसा. ती कॉटच्या कडेला बसली. ते म्हणाले, आता सांगणार. तिने बॅगेतून रेकॉर्डर काढला, चालू केला आणि त्यांच्या तोंडापाशी ठेवला.

त्यांनी पायांपासून सुरुवात केली. पुढे हात आले. मी दारात उभी होते.

पांघरुणाखाली उजवा पाय हलला. मी तिला थांबवलं नाही.